जिन्याची शेवटची पायरी कोणाची?

प्रति,
ठाणे आणि मुलुंडच्या मध्ये नवं स्टेशन उभारणारे रेल्वेचे आणि महापालिकेचे अभियंते, नकाशे काढणारी मंडळी आणि त्या नकाशांवर सह्या करणारे सगळे,

सप्रेम नमस्कार वि. वि.

हे पत्र लिहिणारी बाई तेहतीस वर्षं ठाण्याहून लोकलने नोकरीला गेली. सकाळची आठ सव्वीस, लेडीज डबा, बहुतेक दिवस चौथी सीट. आता पास नाही आणि घाईही नाही, म्हणून हे लिहायला सुचतंय. मी स्थापत्य शिकलेली नाही. पण एखादा जिना हजारो वेळा चढला-उतरला की त्याच्याबद्दल दोन शब्द बोलायचा हक्क मिळतो, असं मी धरून चालते.

मनोरुग्णालयाच्या जागेवर स्टेशन होणार, हे आम्ही इतकी वर्षं ऐकलं की डब्यात तो एक विनोदच झाला होता. आमच्या लहानपणी कोणी वेड्यासारखं वागलं की "याला ठाण्याला पाठवा" म्हणायचे. १९०१ पासूनचं ते रुग्णालय, त्यावरून ही थट्टा. आजवर दुसऱ्यांना पाठवणारी माणसं आता स्वतः तिकीट काढून रोज तिथे उतरतील. २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने जागेचा अडसर दूर केला, तेव्हा कुठे आम्हाला हे खरं वाटायला लागलं. रुग्णांच्या वाट्याची जमीन आपण घेतो आहोत, तेव्हा स्टेशन झाल्यावर भोंगे आणि उद्घोषणा यांचा आवाज त्यांच्या खिडक्यांपर्यंत किती जातो हेही बघा. हे जाता जाता सांगितलं, पण विसरू नका.

मला लिहायला बसवलं ते एका वाक्याने. रेल्वेच्या हद्दीतलं बांधकाम रेल्वे करणार आणि हद्दीबाहेरचं महापालिका, असं वाचलं. कागदावर ही वाटणी अगदी सरळ आहे. प्रवाशाच्या पायाखाली मात्र ती कुठेतरी येते, आणि बहुतेक वेळा जिन्याच्या शेवटच्या पायरीपाशी येते. तिथे फरशी बदलते, दिव्याचा रंग बदलतो, छत संपतं. पावसाळ्यात तिथेच डबकं साचतं आणि ते उपसायचं काम नेहमी दुसऱ्याचं असतं.

ठाण्याच्या स्टेशनाचा इतिहास सगळ्यांना तोंडपाठ आहे असं आपण समजतो. १६ एप्रिल १८५३, बोरीबंदरहून दुपारी साडेतीनच्या सुमारास सुटलेली गाडी, १४ डबे, सुमारे ४०० पाहुणे, २१ तोफांची सलामी, ३४ किलोमीटर. इंजिनं तीन: साहिब, सिंध आणि सुलतान. शाळेत एवढं शिकवतात आणि पुढे काही सांगत नाहीत. मुंबई सरकारचे मुख्य अभियंते जॉर्ज क्लार्क यांना ही रेल्वे बांधावी असं पहिल्यांदा सुचलं ते १८४३ मध्ये, भांडुपला आले असताना. म्हणजे तुमच्या नव्या स्टेशनापासून दोन-तीन स्टेशनं अलीकडे. पुढे नाना शंकरशेट आणि जमशेटजी जीजीभॉय यांच्यासारखी माणसं त्यात पडली आणि दहा वर्षांत गाडी धावलीसुद्धा. आपलं स्टेशन कागदावरून जमिनीवर यायला किती वर्षं लागली, हा हिशेब मी मांडत नाही.

ठाणे हे शेवटचं स्टेशन म्हणून मिरवलं ते जेमतेम एक वर्ष. १ मे १८५४ ला खाडीवरून आणि डोंगरातल्या बोगद्यांतून रूळ कल्याणला पोचले. त्या दिवसापासून ठाणं हे अध्येमध्ये लागणारं स्टेशन आहे, आणि अध्येमध्ये लागणाऱ्या स्टेशनाचं दुखणं वेगळं असतं. शेवटच्या स्टेशनावर गाडी रिकामी होऊन उभी राहते, माणसं सावकाश बाहेर पडतात. इथे गाडी अर्ध्या मिनिटात निघणार असते. उतरणारे आणि चढणारे एकाच दारात, एकाच फलाटावर, एकाच जिन्याकडे तोंड करून.

आणखी एक गंमत. ठाण्याची नगरपालिका १८६३ ची. म्हणजे गावाच्या नगरपालिकेपेक्षा स्टेशन दहा वर्षांनी थोरलं. थोरल्याने आधीच खोल्या अडवाव्यात आणि धाकट्याने उरलेल्या जागेत अंथरूण टाकावं, तसं या गावाचं झालं. बाजार स्टेशनाला चिकटला, टांगे आले, त्यांच्या जागी रिक्षा आल्या, बस आल्या, आणि हे सगळं त्या उरलेल्या जागेत. १९८२ मध्ये महापालिका झाली तेव्हा गाव शहर झालं होतं, पण रूळ आणि दुकानं यांच्या मधली पट्टी होती तेवढीच होती.

गाड्या मात्र वाढत गेल्या. विजेवरची पहिली लोकल १९२५ ची, व्हीटी (आताचं सीएसएमटी) ते कुर्ला, चार डब्यांची. साठच्या दशकात नऊ डबे झाले, ऐंशीच्या दशकात बारा, आणि २०१२ मध्ये मध्य रेल्वेवर पंधरा डब्यांची गाडीही आली. डबे वाढवायला फलाट लांब करावा लागतो, आणि लांबवताही येतो. दोन्ही टोकांना रिकामी जमीन असते. रुंद करायचा म्हटला की दोन्ही बाजूंना रूळ. म्हणून आपल्याकडचं स्टेशन शेपटीसारखं वाढतं. लांबी वाढते, रुंदी तीच राहते, आणि वाढलेल्या डब्यांतली माणसं त्याच जिन्याशी येऊन ठेपतात.

रुंदीची किंमत काय असते हे ठाण्याने २०२४ मध्ये पाहिलं. पाच-सहा नंबरचा फलाट दोन-तीन मीटरने रुंद करायला मे महिन्याच्या अखेरीस ६३ तासांचा ब्लॉक घ्यावा लागला, म्हणजे तेवढा वेळ तिथली वाहतूक बंद ठेवावी लागली. शेकडो फेऱ्या रद्द झाल्या, कार्यालयांनी घरून काम करायला सांगितलं, रात्रंदिवस माणसं राबली. काम वेळेत झालं, त्याचं मनापासून कौतुक आहे. पण ती दोन-तीन पावलं पूर्वीच सोडलेली असती तर? तुमच्याकडे आज कोरी जागा आहे. ही संधी ठाण्याला पुन्हा मिळणार नाही, मुलुंडलाही नाही.

आता थोडं गर्दीबद्दल. रेल्वेच्या भाषेत एक शब्द आहे: 'सुपर डेन्स क्रश लोड'. एका चौरस मीटरमध्ये १४ ते १६ उभी माणसं. चौरस मीटर म्हणजे दोघांच्या जेवणाच्या टेबलाखाली मावते तेवढी जागा. बारा डब्यांच्या गाडीत गर्दीच्या वेळी चार हजारांवर माणसं असतात. त्यातला एक हिस्सा तुमच्या स्टेशनावर उतरेल, समोरून दुसरी गाडी त्याच मिनिटाला येईल, आणि दोन्हीकडची माणसं वर बघतील. वर म्हणजे पुलाकडे. स्टेशन मोजायचं ते इथून. दिवसाला किती गाड्या थांबणार हे पत्रकात छापून येतं. सातच्या गाडीचा शेवटचा माणूस पुढची गाडी यायच्या आत फलाट सोडू शकेल का, हे कोणी छापत नाही.

त्यात आणखी एक बदल येऊ घातलाय. ९ जून २०२५ ला दिवा-मुंब्र्यादरम्यान वळणावर, शेजारून जाणाऱ्या दोन गाड्यांच्या दारांतले प्रवासी खाली पडले, त्यात जीव गेले. त्यानंतर लोकलला आपोआप बंद होणारी दारं लावायचं रेल्वेने जाहीर केलं. ती यायलाच हवीत. पण दार बंद होईपर्यंत गाडी हलणार नाही, म्हणजे थांबा लांबणार. आणि आत मावली नाहीत ती माणसं दारात लटकणार नाहीत, फलाटावर उरतील. आजवर गाडीच्या बाहेर लोंबकळत जाणारी गर्दी उद्या तुमच्या फलाटावर उभी असेल. तेव्हा फलाटाची रुंदी आजच्या गर्दीवरून काढू नका, आणि फलाट वळणावर येणार असेल तर गाडी आणि फलाट यांच्या मधल्या फटीचा विचार आधी करा. एका स्टेशनावर (नाव लिहीत नाही) माझ्या डोळ्यांसमोर एक मुलगी कमरेपर्यंत त्या फटीत गेली होती. तिघींनी ओढून काढली. चप्पल खालीच राहिली. ती त्याच गाडीने एका पायात चप्पल घालून कामाला गेली. पुढे फलाटांची उंची ९०० मिलिमीटरपर्यंत वाढवली गेली, ते फार बरं झालं. नवा फलाट तर पहिल्या दिवसापासून तेवढा हवा.

सोयींबद्दल लांबण लावत नाही, पण काही गोष्टी बाईच्या नजरेलाच दिसतात.

स्वच्छतागृह फलाटाच्या टोकाला नको. टोकाला जागा मोकळी असते म्हणून ते तिथे जातं, आणि रात्री नऊनंतर तिथे कोणी बाई जात नाही. मग ते 'वापरात नाही' म्हणून कुलूपबंद होतं. ते जिन्याजवळ, उजेडात, तिकीट खिडकीच्या नजरेत ठेवा. मी नोकरीत असताना आमच्यातल्या कितीतरी जणी घरातून निघताना पाणीच पीत नसत. त्याचे परिणाम पुढे डॉक्टरकडे दिसले.

लेडीज डबा कुठे येतो ते खांबावर रंगवलेलं असतं. पण बारा डब्यांच्या गाडीचा एके ठिकाणी येतो आणि पंधराच्या गाडीचा दुसरीकडे. इंडिकेटरवर आकडा बदलला की शंभर बायका पर्सा सावरत पळतात. तो इंडिकेटर फलाटावर तर लावालच, पण तो पुलावरही लावा, आणि पुलाच्या आधी, बाहेर रस्त्यावर पहिल्या पायरीच्याही अलीकडे लावा. कुठली गाडी कुठल्या फलाटावर आणि किती डब्यांची, हे जिना चढण्यापूर्वी कळलं तर निम्मी पळापळ तिथेच थांबेल. दिव्यांगांच्या डब्यासमोर लिफ्ट यावी, हेही यातच आलं. लिफ्ट एका टोकाला आणि डबा दुसऱ्या टोकाला असेल तर ती लिफ्ट फक्त उद्घाटनाच्या फोटोसाठी.

तिकिटाचं फारसं सांगत नाही. पुठ्ठ्याची तिकिटं गेली, कूपन पंच करायची यंत्रं आली आणि गेली, आता मोबाइलवर तिकीट निघतं. रांग कमी झाली हे खरं. पण गावाहून आलेल्या म्हाताऱ्या माणसासाठी माणूस बसलेली एक खिडकी राहू द्या. त्याला फलाट कुठला हेही तिथेच विचारायचं असतं.

मालडब्याचं मात्र सांगायलाच हवं. डोक्यावर मासळीची पाटी, भाजीची पोती, जेवणाच्या डब्यांची घोडी घेऊन उतरणारी माणसं सरकत्या जिन्यावर चढू शकत नाहीत आणि पायऱ्यांवर सगळ्यांचा खोळंबा करतात. मग लोक त्यांच्यावर ओरडतात. त्यांना उताराचा रॅम्प हवा, आणि तो मालडब्याच्या जवळ हवा. त्यांची वाट वेगळी झाली की आमचीही मोकळी होईल. फेरीवाल्यांचंही तसंच. २०१७ मध्ये उच्च न्यायालयाने स्टेशनापासून १५० मीटरपर्यंत फेरीवाले नकोत असा आदेश दिला. आदेश योग्य आहे. पण संध्याकाळी घरी जाणाऱ्या बाईला वाटेतच भाजी घ्यायची असते, हेही तितकंच खरं आहे. १५१ व्या मीटरवर त्यांच्यासाठी नीट ओटे आखा, नाहीतर ते पहिल्या पायरीवर येतील आणि आम्ही त्यांच्याकडूनच घेऊ. मी घेत होते.

आता मूळ मुद्द्याकडे येते, तो हद्दीचा.

२९ सप्टेंबर २०१७ ची सकाळ. तेव्हाचं एल्फिन्स्टन रोड, आताचं प्रभादेवी. जोराचा पाऊस आला, छत्री नसलेली माणसं जिन्यावर आणि पुलावर थबकली, मागून एकामागून एक गाड्या रिकाम्या होत राहिल्या. त्या अरुंद जिन्यावरच्या चेंगराचेंगरीत २३ जणांचा जीव गेला. नंतर लष्कराने तिथे विक्रमी वेगाने पूल बांधला, स्टेशनांच्या पुलांची तपासणी झाली, रुंद पूल झाले. पुलाच्या रुंदीबद्दल सगळे बोलले. माणसं थबकली का, याबद्दल फार कमी बोललं गेलं. माणसं थबकतात कारण पुढे छत संपलेलं असतं.

कुठल्याही स्टेशनाच्या तोंडाशी जुलैमध्ये उभं राहून बघा. जिथे पत्रा संपतो तिथे प्रत्येक माणूस थांबतो. पिशवी काखेत धरतो, छत्री काढतो, बटण दाबतो, ती उघडत नाही, पुन्हा दाबतो. चार-पाच सेकंद. बाहेरून आत येणारा तिथेच छत्री मिटतो आणि झटकतो. त्याचीही चार-पाच सेकंद. मागच्या हजार माणसांना पुढे काय चाललंय ते दिसत नाही, त्यांना वाटतं कोणीतरी मुद्दाम अडवलंय. हे सगळं नेमकं त्या शेवटच्या पायरीवर होतं, कारण रेल्वेचं छत रेल्वेच्या हद्दीपर्यंत असतं. महापालिकेचा रस्ता पुढे सुरू होतो, आणि रस्त्याला छत घालायची पद्धत नाही.

दुसरं उदाहरण. सीएसएमटीबाहेरच्या हिमालय पुलाचा भाग १४ मार्च २०१९ च्या संध्याकाळी कोसळला. पूल रेल्वेचा की महापालिकेचा, हा वाद त्याच रात्री सुरू झाला. खाली दबलेल्यांपैकी कोणी पूल चढताना ही चौकशी केली नसेल. आपण पुलावर पाय ठेवतो तेव्हा तो कोणाचा आहे याचा विचार करत नाही. करावा लागू नये, यासाठीच तर तुम्ही आहात.

हे जमत नाही असंही नाही. ठाणे पश्चिमेचा सॅटिस, म्हणजे स्टेशनाबाहेरचा बससाठीचा उंचावरचा पूल, बांधताना आम्ही शिव्या घातल्या आणि आजही त्याच्याखालच्या अंधाराला घालतो. पण स्टेशनाच्या पुलावरून खाली न उतरता थेट बसपर्यंत जाता येतं, ही गोष्ट ज्या कोणाला सुचली त्याला हद्द ओलांडता आली होती. नव्या स्टेशनालाही उन्नत डेक असेल असं वाचते. चांगलंच आहे. मग तिथे फलाटापासून रिक्षाच्या रांगेपर्यंत एकच सलग छत घाला. छत्री उघडण्यासाठी शेवटी जी जागा असेल ती रस्त्यासारखी रुंद असू दे, जिन्यासारखी अरुंद नको. जिना संपल्यावर निदान तीस पावलं तरी कोणाला थांबावं लागू नये. त्या तीस पावलांचा झाडू, दिवा, गटार आणि दुरुस्ती कोणाकडे, हे आजच एका कागदावर लिहा आणि दोघांनी सही करा. निम्मं-निम्मं करू नका, एकाकडे द्या. आणि तो कागद तिथेच भिंतीवर लावा, दूरध्वनी क्रमांकासह, म्हणजे दिवा गेला तर कोणाला सांगायचं ते कळेल.

नावाबद्दल वाद होईलच, तो होऊ द्या. पण त्यासाठी उद्घाटन अडवू नका. माणसं एरवीही स्वतःचंच नाव देतात. आमच्या डब्यात त्याला आत्तापासून 'मधलं' म्हणतात.

एक विनंती करते आणि थांबते. जुलैतल्या एखाद्या कामाच्या दिवशी, संध्याकाळी सातला, तुमच्यापैकी दोघांनी ठाण्याला यावं. एक रेल्वेचे, एक महापालिकेचे. गाडीने यावं, सीएसएमटीहून फास्टने, साध्या डब्यातून. दोन्ही हातांत पिशव्या असाव्यात आणि छत्री पिशवीत तळाशी असावी, आमची तिथेच असते. मुंबई दिशेच्या पुलावरून पश्चिमेला उतरावं आणि छत संपेल तिथे थांबून छत्री काढावी. मी तिथेच कडेला उभी असेन. छत्री उघडेपर्यंत तुमच्या पिशव्या धरीन.

कळावे, लोभ असावा.

तुमची,
एक माजी पासधारक, ठाणे

ता. क. फलाटावरच्या बाकांना मध्ये लोखंडी दांडे घालू नका. कोणी झोपू नये म्हणून ते घालतात, ठाऊक आहे. पण तीन जणींच्या बाकावर चौथी सरकून बसते, त्यावरच आमची तेहतीस वर्षं निघाली.